मामांचा जबाब

१० फेब्रुवारी, सोमवार

हायकोर्टाचा आदेश आला. तपास अधिकाऱ्याने रोज काय तपास केला ते रोजच्या रोज लिहून ठेवायचं आणि दर तारखेला हजर करायचं. त्याप्रमाणे आज रोजनामा उघडला आणि पहिली नोंद केली, 'निरंक'. एका शब्दात दिवस आटोपला. पण दिवस तर चांगला लांबलचक गेला, मग बाकीच्याचं करायचं काय? म्हणून ही दुसरी वही, ही माझी खाजगी.

मी फलटणचा. दक्षता पथकात नेमणूक होऊन भंडाऱ्यात आलो त्याला महिना झाला. इथे सकाळी भात, संध्याकाळी भात. खानावळीच्या आनंदाबाईंकडे बाजरीची भाकरी मागितली तर म्हणाल्या, "तब्येत बरी नाई काय जी?" त्यानंतर मागितली नाही.

माझ्याकडे दिलेलं प्रकरण असं. एकोडीच्या पुढच्या एका गावातला तलाव सहा वर्षांपूर्वी तीन मीटर खोल केला, असं कागद म्हणतो. बिल निघालं, कंत्राटदाराने उचललं. गावच्या मच्छीमार संस्थेच्या गीताबाई म्हणतात, खोदलाच नाही. तेव्हापासून आमची चौकशी चालू आहे. शेवटी बाई कंटाळून नागपूरला हायकोर्टात गेल्या, आणि आता कोर्ट दर तारखेला आम्हाला विचारतं, झाली का?

१२ फेब्रुवारी

फाईल वाचली. माझ्या आधी इथे रत्नागिरीचे एक साहेब होते, अक्षर मोत्यासारखं. त्यांनी गीताबाईंचा जबाब घेतलाय. बाई म्हणतात, 'माझ्यावर भरोसा नसेल तर मामाकडे जाऊन पाहा. मामाकडे पाहिलं की सारं समजते.'

तिथपासून मामा हे प्रकरणातले मुख्य साक्षीदार. पूर्ण नाव माहीत नाही. नोटीस काढली, मामा आले नाहीत. दुसरी काढली, ग्रामपंचायतीच्या भिंतीवर डकवली, तरी नाहीत. पुढे शेरा, 'साक्षीदार मामा हे हेतुपुरस्सर हजर राहत नाहीत.' त्याच्या पुढच्या वर्षी, 'फरार असल्याचा संशय.'

आता मला सांगा, साक्षीदार पळून कशाला जाईल? दाबलंय कुणीतरी. मला पहिल्याच दिवशी वास आला होता.

१४ फेब्रुवारी

गाडीवरचा हवालदार कैलाश इथलाच, साकोलीकडचा. त्याला सहज विचारलं, मामांना ओळखतोस का?

"कोनत्या मामाले? गीताबाईच्या गावच्या? हौ जी. औंदा लय लवकर आटला मामा."

वय झालं असेल. म्हटलं, चालता-फिरता तरी येतं का? कैलाशने माझ्याकडे जरा वेळ पाहिलं आणि गाडी पुसायला लागला. या लोकांना काही विचारलं की पुसायला लागतात.

मग गीताबाईंना फोन लावला. "मामा कोठी जाते जी? थेच पडून आहे." तब्येत कशी आहे विचारलं. "तब्येत कायची! पोटात सारी माती भरली. कोनी काढत नाई."

मुतखड्याला इकडे असं म्हणत असावेत. ऑपरेशनपुरते पैसे नसतील बिचाऱ्याकडे. वाईट वाटलं.

१७ फेब्रुवारी

नागपूर. कोर्ट. शपथपत्र पथकाच्या मोठ्या साहेबांनी तयारच ठेवलं होतं, मी फक्त सही केली. 'मुख्य साक्षीदार मामा यांचा कसोशीने शोध सुरू आहे.' साहेबांच्या इंग्रजीला तोड नाही.

न्यायमूर्ती एक बाई आहेत. फार बोलत नाहीत. शपथपत्र वाचलं, चष्मा काढला, परत घातला, परत वाचलं. मग मला विचारलं, "तुम्ही कुठले?" म्हटलं, "फलटण, मॅडम." "अच्छा," म्हणाल्या आणि पुढची तारीख दिली. बाहेर आल्यावर सरकारी वकील म्हणाले, मॅडम मूळच्या चांदा, म्हणजे चंद्रपूर भागातल्या, शांत बाई आहेत. मला तसंच वाटलं.

६ मार्च

आज स्वतः गेलो. शोध घ्यायचा तर घ्यायचा.

गावात शिरल्या-शिरल्या एकाला विचारलं, मामा कुठे आहेत? त्याने हात करून दाखवलं, सरळ जा, पाळीवर चढा. पाळ म्हणजे तलावाचा बांध. चढलो. खाली तलाव, मधोमध चिखलात थोडं पाणी, बाकी भेगा. पाण्याच्या कडेला एक म्हातारबुवा म्हैस धूत होते. मी कैलाशला म्हटलं, "हेच का?" कैलाश म्हणाला, "हेच जी," आणि सगळीकडे हात फिरवला.

उतरलो. बुवांनी नाव सांगितलं कवडू. म्हटलं, तुम्हाला मामा म्हणतात का?

"भाचे म्हनतात जी. चार आहेत."

म्हणजे झालं. खोदकाम पाहिलंत का विचारलं. "मशीन आली होती एक दिस. पोऱ्यायनं चहा पेला अना चालली गेली." पंचांसमक्ष जबाब घेतला, अंगठा घेतला. सहा वर्षं जे कुणाला जमलं नाही ते मी एका दुपारी केलं. परत येताना कैलाश एक शब्द बोलला नाही, बहुतेक भारावला होता.

७ मार्च

मामा हा तलाव आहे.

८ मार्च

काल जास्त लिहिण्याची ताकद नव्हती.

गीताबाई कार्यालयात आल्या होत्या, त्यांना अभिमानाने कवडूंचा जबाब वाचून दाखवला. ऐकून झाल्यावर म्हणाल्या, "कवडू कायले मामा होईल जी? मामा म्हंजे तलाव. माजी मालगुजारी तलाव. मालगुजारायच्या जमान्यातले तलाव आहेत ना, थे सारे मा-मा तलाव." आणि पदर तोंडाला लावला. हसत होत्या की काय, मला बघवलं नाही.

मालगुजार म्हणजे इंग्रजांच्या काळातले जमीनदार; त्यांचे असे मामा अख्ख्या जिल्ह्यात गावोगावी आहेत. सरकारी योजनेत मामा आहेत. शाळेतल्या पोरांना माहीत आहे. आणि आमच्या पथकाने त्याला नोटीस काढली, फरार ठरवला. काल पहिल्यांदा घरी जावंसं इतकं वाटलं की बायकोला, तृप्तीला, फोन लावला आणि काहीच बोललो नाही. ती म्हणाली, भात जास्त झाला का?

कैलाशला विचारलं, तू का नाही सांगितलंस? "मले वाटलं तुमाले मालूम आहे. रत्नागिरीवाल्या साहेबालेही मंग मालूम झालं होतं. लगेच बदली झाली त्यायची. पायजे तेथे भेटली."

नशीबवान माणूस. माझा बदलीचा अर्ज पहिल्या आठवड्यापासून साहेबांकडे पडून आहे.

१० मार्च

सकाळी सहा वाजता मोठ्या साहेबांच्या बंगल्यावर जाऊन सगळं सांगितलं. म्हटलं, साहेब, आज कोर्टात खरं सांगून टाकू. साहेबांनी चहा मागवला, बिस्किटं पण मागवली.

"मला काय नवीन सांगताय? अकरा वर्षं काढली मी या जिल्ह्यात."

मला वाटतं साहेबांना माझ्या आधीच शंका आली असणार, कामाच्या गडबडीत सांगायचं राहिलं असेल.

मग म्हणाले, "मागच्या शपथपत्रावर सही कुणाची? तुमची. आता काय सांगणार, तलाव फरार होता म्हणून? नोकरी जाईल. आजच्यावर 'शोध सुरू' लिहिलंय, सही करा. तुमचा बदलीचा अर्ज मी बाजूला काढून ठेवलाय. मे अखेरीस फलटण."

सही केली. मी घाबरलो होतो, ते इथे लिहायला हरकत नाही. आणि फलटण म्हटल्यावर मला भाकरी दिसायला लागली, हेही.

कोर्टात मॅडमनी शपथपत्र वाचलं आणि आदेश सांगायला सुरुवात केली. साक्षीदार मामा वृद्ध असल्याचं दिसतं, त्यांच्या सुरक्षिततेची काळजी वाटते. ते जिथे असतील तिथे, आहेत त्याच स्थितीत त्यांना पोलीस संरक्षण द्यावं. जबाब होईपर्यंत कुणीही त्यांना हात लावू नये. जबाब तपास अधिकाऱ्याने जागेवर जाऊन, तज्ज्ञांच्या मदतीने घ्यावा. मग माझ्याकडे बघून मराठीत म्हणाल्या, "आणि जरा खोलात जाऊन घ्या. घाई नको. मे महिन्यापर्यंत मामा पूर्ण सापडतील." शेवटी, कोर्टाला विचारल्याशिवाय माझी बदली करायची नाही.

सरकारी वकिलांना एकदम खोकला आला.

माणसासाठी 'आहे त्या स्थितीत' ही भाषा मला विचित्र वाटली, पण इंग्रजी आदेशांचं असंच असतं. एवढी सज्जन बाई, आणि आपण तिला फसवतोय. रोजनामा: निरंक.

२ एप्रिल

निरंक.

२८ एप्रिल

मोठे साहेब आज फार खुशीत. म्हणाले, तुमचा प्रश्न सोडवला. जिल्ह्यातल्या काही तलावांचं नव्याने खोलीकरण मंजूर झालंय, त्यात गीताबाईंचा तलावही घातला. पुढच्या महिन्यात पोकलेन येईल, खरोखर तीन मीटर खोदेल. कोर्टाला उन्हाळी सुट्टी. सुट्टी उघडल्यावर तलाव खोल असेल. पूर्वी खोदला होता की नव्हता, हे ब्रह्मदेवाला पण सांगता येणार नाही. प्रकरण बंद, बदलीची परवानगी मागू, तुम्ही फलटणला.

सगळ्यांचंच भलं होतंय हे पाहून मला बरं वाटलं. गावाला पाणी, बाईंना मासे, मला भाकरी. कैलाशला सांगितलं तर तो गाडी पुसायला लागला.

५ मे

गीताबाई आल्या, सोबत त्यांची सून शालू. आल्या त्या भांडतच आल्या.

शालूचं म्हणणं, "खोदू द्या जी. जानेवारीत तलाव आटते, मासोळ्या मरतात. मंग आमी नागपूरले बांधकामावर. खोदला त माय-लेकरं गावात राहू."

गीताबाई म्हणाल्या, "सहा वर्स झाले, मी खोदा खोदा म्हनून राहिली. आता खोदून राहिले त मीच नोका म्हनू काय? पन साहेब, खोदला का मंग मी खोटी. ठेकेदारानं साऱ्या गावात सांगतलं, गीताले वाटा नाई भेटला म्हनून बोंबलते. माहा नवरा मरेपर्यंत मले विचारत होता, खरंच खोदला नाई ना वो गीते? त्यालेही भरोसा नोता. पयले मोजा. मंग खोदा का बुजवा, तुमची मर्जी."

"अना मशीन वापस गेली त?" शालू म्हणाली. "पुढची कवा येईल?"

दोघी माझ्याकडे बघायला लागल्या. मी म्हटलं, वरिष्ठांशी बोलतो. हे वाक्य मी आयुष्यात किती वेळा बोललो असेन, पण आज बोलताना लाज वाटली. वरिष्ठांशी बोललो नाही. काय बोलणार? मला फलटणला जायचंय.

१३ मे

कैलाशने सांगितलं, उद्या सकाळी पोकलेन उतरणार.

तृप्तीला फोन केला, सगळं सांगितलं, मामापासून. आधी ती एवढी हसली की फोन कुठेतरी ठेवून आली. मग म्हणाली, "मग मामांना वाचवा की. साक्षीदार आहेत ना तुमचे?"

मी म्हटलं, अगं तो तलाव आहे.

"ते तुम्हाला माहीत. कोर्टाला कुठे माहीत आहे?"

१४ मे

सकाळी सात वाजता पाळीवर पोचलो. सोबत कैलाश आणि ठाण्यातून दोन पोलीस शिपाई, कोर्टाच्या आदेशाच्या बळावर मागून घेतलेले. पोकलेन ट्रेलरवरून उतरत होतं. गाव जमलेलं. गीताबाई तलावाच्या मधोमध, भेगाळलेल्या मातीवर एकट्याच बसल्या होत्या. शालू पाळीवर, मशीनच्या बाजूला.

मी आदेश काढला आणि मोठ्याने वाचला. मामांना आहेत त्या स्थितीत संरक्षण. जबाब होईपर्यंत कुणीही हात लावू नये. कंत्राटदाराचा माणूस म्हणाला, "मंजूर आहे जी! पन मामा कोन?"

म्हटलं, "हे."

"हा त तलाव आहे."

"असेल. शपथपत्रात साक्षीदार आहेत. दोन वेळा. मी सही केलीय."

पाळीवर कुणी हसलं नाही. इथली माणसं सरकारी काम चालू असताना हसत नाहीत, हे मी आता शिकलोय.

त्याने मोठ्या साहेबांना फोन लावून माझ्या हातात दिला. साहेब ओरडले, अक्कल आहे का, तो तलाव आहे! मी म्हटलं, "साहेब, मग तसं कोर्टाला लिहून द्यायचं का? की मामा तलाव आहेत, आणि आपल्याला अकरा वर्षं माहीत होतं?"

पलीकडून फोन बंद झाला.

मामांभोवती दोन शिपाई उभे केले. एकाने विचारलं, साहेब, तोंड कोणत्या बाजूला करू? म्हटलं, कोणत्याही. दुपारी पोकलेन परत ट्रेलरवर चढलं. ते वळून दिसेनासं होईपर्यंत शालू बघत उभी होती. मग मान फिरवून माझ्याजवळून घरी गेली.

२० मे

मामांचा जबाब नोंदवला. पॉलिटेक्निकचे दोन मास्तर दुर्बीण आणि काठ्या घेऊन आले होते. दिवसभर मोजत होते. कागदावर जिथे सगळ्यात खोल आहे तिथे मला उभं केलं. पाळीवरून कैलाश ओरडला, "साहेब, बूट दिसून राहिले तुमचे!" तेही पंचनाम्यात घेतलं. मास्तरांनी खड्डा घेऊन माती दाखवली, थरावर थर, कधीच न हललेले. पंच म्हणून कवडूंचा अंगठा घेतला. या वेळी त्यांचं नाव कवडूच लिहिलं.

गीताबाई काठी धरायला मदत करत होत्या. मोजून झालं तेव्हा मास्तरांनी आकडा वाचला: खोदकाम शून्य. बाई म्हणाल्या, "पुन्हा वाचा जी." त्यांनी पुन्हा वाचला. "आनखी एक डाव," म्हणाल्या. मग खाली बसून रडायला लागल्या, मोठमोठ्याने, सगळ्यांदेखत. मी काठी धरून उभा राहिलो.

१६ जून

नागपूर. मॅडमनी विचारलं, जबाब झाला?

"हो, मॅडम."

"काय म्हणाले मामा?"

"काही खोदलं नाही म्हणाले."

"मला वाटलंच होतं," मॅडम म्हणाल्या. तेव्हा कुठे माझ्या डोक्यात प्रकाश पडला. चांदा भागात मामा नसतील का? तिथेही गावोगावी असणार. मान वर करायची हिंमत होईना.

मग त्यांनी मला आतापर्यंतची सगळी शपथपत्रं मोठ्याने वाचायला लावली, रत्नागिरीवाल्यांचीही. 'हेतुपुरस्सर हजर राहत नाहीत' इथे माझा आवाज बसला, तर पाणी दिलं आणि पुढे वाचा म्हणाल्या. माझी दोन शपथपत्रं हे स्वतंत्र प्रकरण म्हणून ठेवलं, त्याचं काय व्हायचं ते होईल. मोठ्या साहेबांनी पुढच्या तारखेला स्वतः हजर राहायचं आणि साक्षीदाराचा शोध कुठे कुठे घेतला ते सांगायचं.

शेवटी विचारलं, "तपास पूर्ण झाला?"

घाईत तोंडातून इकडच्यासारखं निघालं, "होऊन राहिला, मॅडम."

मॅडम पहिल्यांदा हसल्या. म्हणाल्या, म्हणजे व्हायचाय. होईपर्यंत बदली नाही.

२९ जून, रविवार

सुट्टी होती तरी गावात गेलो. इकडे धानाचे परे, म्हणजे भाताची रोपं, टाकून झालेत, सगळं हिरवं. तलावात गुडघाभर पाणी आलंय, त्यापुढे फार यायचं नाही, उथळ तो उथळच.

गीताबाईंनी मला पाळीवर नेलं आणि लोक जमवले. म्हणाल्या, "आता सांगा जी साऱ्यायले." मी सांगितलं, की कोर्टात सिद्ध व्हायचं बाकी आहे, पण मोजमाप झालंय, तलाव खोदला नव्हता, बाई खरं बोलत होत्या. कवडू म्हणाले, "आमाले मालूमच होतं." गीताबाई म्हणाल्या, "मंग सहा वर्स तोंडात काय होतं तुह्या?" कवडू म्हशीकडे निघून गेले.

शालूने विचारलं, "अना खोदनार कवा?"

ती मशीन दुसऱ्या तालुक्यात गेली. मंजुरीची मुदत येत्या मार्चला संपते, तोवर ती परत यायची नाही, म्हणून नवा प्रस्ताव पाठवावा लागेल, आणि तलाव कोर्टाच्या कामात असल्यामुळे आधी ना-हरकत दाखला. हे सगळं मी सांगितलं. शालूने ऐकून घेतलं. जानेवारीत नागपूरला जावं लागेल, मुकादमाला आताच सांगून ठेवते म्हणाली, आणि घरात गेली. मला तिचा राग आला असता तर मला सोपं गेलं असतं, पण ती बरोबर होती.

गीताबाई पाण्याकडे बघत बसल्या. "सून नाई बोलन आता माह्यासंग," म्हणाल्या. मग, "पुढची तारीख कवाची जी?"

सांगितली. म्हटलं, तुम्हाला यायची गरज नाही, वकील आहेत.

"येतो ना मी. मामाकडून कोनी त पायजे कोर्टात."

परत येऊन रोजनामा लिहिला: साक्षीदाराच्या नातेवाइकांची भेट घेतली. घरची परिस्थिती बिकट. पुढील तारखेस हजर राहतील.